हाशिमाच्या पायऱ्यांसमोर नावे हवीत

नागासाकीच्या बंदरात बोटीत चढण्याआधी एका हमीपत्रावर सही करावी लागते. कठडा ओलांडणार नाही, छत्री उघडणार नाही, मार्गदर्शक सांगतील तसेच वागेन, असे त्यात लिहिलेले असते. एवढे करूनही बेटावर पाय ठेवायला मिळेलच असे नाही. लाटा अर्ध्या मीटरहून उंच असल्या तर बोट धक्क्याला लागत नाही, बेटाभोवती फेरी मारून माघारी फिरते. मी गेलो त्या सकाळी समुद्र निवांत होता. मित्सुबिशीची गोदी लागली, १९०९ साली उभारलेली तिची अजस्र क्रेन लागली, पुढे ताकाशिमा बेट मागे पडले, आणि मग समोर ते दिसू लागले. पाण्यातून सरळ वर आलेली करडी भिंत आणि तिच्या आत दाटीवाटीने उभ्या, खिडक्यांच्या जागी नुसती भोके उरलेल्या इमारती. नाव हाशिमा. लोक मात्र त्याला गुन्कानजिमा म्हणतात, म्हणजे युद्धनौकेचे बेट. दुरून ते खरोखरच नांगर टाकून उभ्या असलेल्या युद्धनौकेसारखे दिसते.

बेटाची लांबी ४८० मीटर, रुंदी १६०. क्षेत्रफळ ६.३ हेक्टर, म्हणजे आपल्या हिशेबात पंधरा-सोळा एकर. तेही मूळचे नव्हे. मूळ खडक याच्या एक तृतीयांश होता. खाणीतून निघालेली दगडमाती भोवती टाकत, बांध घालत, १९३१ पर्यंत तो वाढवत नेला. या पंधरा-सोळा एकरांवर १९५९ साली ५,२५९ माणसे राहत होती. चौरस किलोमीटरच्या मापात हा आकडा ८३ हजारांच्या वर जातो.

कोळशाचा पत्ता इथे १८१०च्या सुमारास लागला. १८९० मध्ये मित्सुबिशीने बेट विकत घेतले आणि समुद्राच्या तळाखाली विहिरी, म्हणजे खाणीत उतरण्याची उभी भुयारे, खणल्या. १९१६ साली इथे उभी राहिलेली ३० क्रमांकाची इमारत ही जपानमधली पहिली मोठी पोलादी सळ्यांच्या काँक्रीटची चाळ. मी मुद्दाम चाळ म्हणतो, कारण तिची रचना बघितल्यावर दुसरा शब्द सुचतच नाही. खोल्यांच्या रांगा, मध्ये चौक, जिन्यांची चढउतार, सामाईक न्हाणी. पुढे शाळा आली, दवाखाना आला, चित्रपटगृह, पोहण्याचा तलाव, देऊळ आले. स्मशान तेवढे नव्हते. माणूस गेला की त्याला शेजारच्या नाकानोशिमा या निर्जन बेटावर नेऊन दहन करत. गोडे पाणी १९५७ पर्यंत बोटीने यायचे, मग समुद्राखालून नळ टाकला. गच्चीवर मुख्य भूमीवरून माती आणून मुलांना भाजीपाला आणि भात पिकवायला शिकवले, कारण बेटावर मातीच नव्हती.

खालचे जग वेगळे होते. दुसऱ्या क्रमांकाची विहीर ६०६ मीटर खोल. लिफ्टसारख्या पिंजऱ्यातून खाली उतरायचे, तिथून तिरप्या बोगद्यांनी आणखी खाली, समुद्रसपाटीपासून सुमारे हजार मीटरपर्यंत. उष्णता ३० अंश, हवेत ९५ टक्के दमटपणा, वर समुद्र आणि आजूबाजूला वायू. पाळी संपवून वर आलेला कामगार आधी अंगावरच्या कपड्यांसकट खाऱ्या पाण्याच्या हौदात उतरायचा, मग दुसऱ्या खाऱ्या हौदात, आणि तिसऱ्यांदा गोड्या पाण्यात. साठच्या दशकात जपान तेलाकडे वळला आणि कोळशाचे दिवस भरले. १५ जानेवारी १९७४ रोजी खाण बंद झाली, २० एप्रिलपर्यंत बेट रिकामे झाले. तोवर मित्सुबिशीने इथून सुमारे १ कोटी ५७ लाख टन कोळसा काढला होता. पुढची पस्तीस वर्षे बेट वाऱ्यापावसात पडून राहिले. २००९च्या एप्रिलपासून पर्यटकांना उतरू देतात, पण फक्त दक्षिणेकडच्या सव्वादोनशे मीटरांच्या वाटेवर. तिच्यावर बघण्याच्या तीन जागा आहेत. इमारतींत जाता येत नाही. त्या आता स्वतःच्या भारानेच खचत आहेत.

हे सगळे आम्हाला मन लावून सांगितले गेले. तीन जागांपैकी एकीवरून दुसऱ्या विहिरीच्या तोंडाशी जाणारा जिना दिसतो. खाणीचे बांधकाम जवळजवळ सगळे पडले, जिना तेवढा राहिला. याच पायऱ्या चढून माणसे पिंजऱ्यात शिरायची, असे सांगताना मार्गदर्शकाचा आवाज खाली आला, आणि आमच्या घोळक्यातले बोलणेही थांबले. मला वाटले, आता तो विषय निघेल. पण निघाला नाही. त्या तासाभराच्या फेरीत १९३९ ते १९४५ ही वर्षे आलीच नाहीत. गोष्ट १९१६ वरून उडी मारून थेट पन्नाशीच्या दशकातल्या दूरचित्रवाणी संचांवर आणि शीतकपाटांवर आली. कोरिया हा शब्द मी बेटावर ऐकला नाही.

त्या पायऱ्यांवरून १९३९ नंतर, तेव्हा जपानच्या ताब्यात असलेल्या कोरियातून आणलेली माणसे खाणीत जात होती. १९३८ मध्ये जपानने राष्ट्रीय जमवाजमवीचा कायदा केला. १९३९ पासून कोरियात खाणींसाठी भरती सुरू झाली, १९४२ पासून सरकारी यंत्रणेनेच माणसे गोळा करून द्यायला सुरुवात केली, आणि सप्टेंबर १९४४ पासून उघड सक्तीचे हुकूम निघू लागले. हाशिमावर अशी शेकडो कोरियन माणसे होती. युद्धाच्या शेवटच्या काळात दोनशेच्या वर चिनीही आणले गेले. सो जंग-उ यांना चौदाव्या वर्षी या बेटावर आणले. पुढे आयुष्यभर ते साक्ष देत राहिले. बेटाच्या भिंतीवरून कोरियाच्या दिशेला बघत समुद्रात उडी टाकावी असे कितीदा वाटले, हे त्यांनी सांगून ठेवले आहे. इथून त्यांना नागासाकीच्या गोदीत हलवले आणि तिथे ९ ऑगस्ट १९४५चा अणुबाँब त्यांच्या वाट्याला आला.

१९२५ ते १९४५ या काळात बेटावर मेलेल्यांच्या दहनाच्या नोंदींत १२२ कोरियन आणि १५ चिनी आहेत. यातले काही मृत्यू १९३९च्या आधीचे आहेत, त्यामुळे या सगळ्यांना सक्तीचे बळी म्हणता येणार नाही. तसे म्हणण्याची गरजही नाही. ती माणसे या बेटावर मेली आणि नाकानोशिमावर जाळली गेली, एवढे पुरेसे आहे. आणि ज्या बेटावर दरवर्षी हजारो माणसे उतरतात तिथे त्यांचे नाव कुठे दिसत नाही, ही माझी तक्रार आहे.

हे प्रकरण जपान आणि कोरिया यांचे खाजगी भांडण आहे, आपण कशाला पडावे, असे कुणी म्हणेल. पण जपानने हे बेट जगाच्या हवाली केले आहे आणि तसे करताना जगापुढे एक शब्द दिला आहे. जुलै २०१५ मध्ये जर्मनीतल्या बॉन शहरात युनेस्कोच्या जागतिक वारसा समितीने मेइजी काळातल्या, म्हणजे मेइजी सम्राटाच्या १८६८ ते १९१२ या राजवटीतल्या, औद्योगिक क्रांतीची २३ स्थळे यादीत घेतली. त्यात हाशिमा आहे, ताकाशिमा आहे, मिइकेची खाण आहे, नागासाकीची ती क्रेनही आहे. दक्षिण कोरियाचा विरोध होता. तेव्हा जपानच्या राजदूत कुनी सातो यांनी समितीपुढे सांगितले की १९४०च्या दशकात कोरियातून आणि इतर ठिकाणांहून पुष्कळ लोकांना त्यांच्या इच्छेविरुद्ध आणले गेले, काही स्थळांवर त्यांना कठोर परिस्थितीत काम करायला भाग पाडले गेले, आणि त्यांची आठवण राहावी यासाठी जपान माहिती केंद्रासारखी व्यवस्था करील. या शब्दावर विरोध मिटला आणि स्थळे यादीत गेली. समितीनेही प्रत्येक स्थळाचा संपूर्ण इतिहास लोकांना कळेल अशी मांडणी करा, असे बजावले होते.

निर्णय होतो न होतो तोच टोकियोत तेव्हाचे परराष्ट्रमंत्री फुमियो किशिदा यांनी पत्रकारांना सांगितले की या विधानाचा अर्थ वेठबिगार असा होत नाही. जपानी भाषांतरात 'हाताराकासारेता' हे रूप वापरले होते, म्हणजे 'काम करायला लावले गेले'. कुणी लावले, कशाच्या जोरावर लावले, हे त्यात येत नाही.

मराठी माणसाला ही छटा चटकन कळते, कारण आपल्या क्रियापदांतही ती आहे. काम केले. काम करावे लागले. काम करवून घेतले. वेठीला धरले. एकेक पायरी खाली जाताना करणाऱ्याची मर्जी कमी होत जाते आणि करवून घेणाऱ्याचा हात दिसू लागतो. जपान सरकार दुसऱ्या-तिसऱ्या पायरीच्या मध्ये कुठेतरी थांबू पाहते आणि चौथीवर यायला तयार नाही. त्यांचा युक्तिवाद असा की कोरिया तेव्हा जपानचाच भाग होता, जपानी नागरिकांवरही हेच हुकूम लागू होते, आणि वेठबिगारीविरुद्धचा १९३०चा आंतरराष्ट्रीय करार युद्धकाळातल्या सेवेला लागू होत नाही. हा युक्तिवाद आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या तज्ज्ञ समितीने १९९९ मध्येच फेटाळला आहे. खाजगी उद्योगांसाठी इतक्या मोठ्या संख्येने, अशा हलाखीत माणसे राबवणे हा कराराचा भंग होता, असे तिने म्हटले. जपानने हा करार १९३२ मध्ये मान्य केलेला होता.

इथे आपल्याकडच्या एका निकालाची आठवण होते. दिल्लीच्या आशियाई खेळांची बांधकामे चालू असताना तिथल्या मजुरांचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात गेला. आपल्या राज्यघटनेच्या तेविसाव्या कलमात, इंग्रजी मजकुरातसुद्धा, 'बेगार' हा आपलाच शब्द आहे. १९८२च्या त्या निकालात न्यायालयाने म्हटले की सक्ती काही फक्त दंडुक्याची नसते. भुकेपोटी, दुसरा मार्ग नाही म्हणून किमान वेतनाहून कमी पैशांत माणूस राबत असेल तर तीही सक्तीच. हे मोजमाप मला मोलाचे वाटते. ते हाशिमाला लावून बघा. ज्या मुलाला चौदाव्या वर्षी घरापासून तोडून आणले आणि चारी बाजूंनी समुद्र असलेल्या जागी हजार मीटर खाली उतरवले, त्याच्या पगाराची पावती सापडली म्हणून तो कामगार स्वखुशीचा ठरत नाही. मजुरी दिली होती, बक्षिसी दिली होती, असे कागद दाखवून हा वाद जिंकता येईल असे ज्यांना वाटते त्यांनी वेठ म्हणजे काय हेच समजून घेतलेले नाही.

आणखी एक गोष्ट मला अस्वस्थ करते. २०१६ मध्ये मित्सुबिशी मटेरियल्स या कंपनीने युद्धकाळात राबवलेल्या चिनी मजुरांची माफी मागितली आणि माणशी एक लाख युआन द्यायचे कबूल केले. कोरियन मजुरांना असे काही नाही. चीन शत्रुराष्ट्र होते आणि कोरिया स्वतःचा प्रांत होता, शिवाय जपान आणि दक्षिण कोरिया यांच्यातल्या १९६५च्या तहाने कोरियाचे सगळे दावे मिटले, असे त्याचे कारण सांगतात. कायद्याच्या पुस्तकात हा फरक असेल. पण एकाच विहिरीत, एकाच काळोखात शेजारी राबलेल्या दोन माणसांपैकी एकाची माफी मागायची आणि दुसऱ्याला तू तर आमचाच नागरिक होतास असे सांगायचे, हे कुठल्या न्यायात बसते?

वारसायादीतल्या काळाची एक मेख फार थोड्या पर्यटकांना ठाऊक असते. जपानने ही स्थळे १८५० ते १९१० या काळासाठी मांडली आहेत. युनेस्कोने ज्या मूल्यासाठी हाशिमा यादीत घेतले ते मूल्य जुन्या विहिरींच्या अवशेषांत आणि चुना-तांबडमातीने बांधलेल्या मेइजीकालीन दगडी बांधात आहे. म्हणजे ज्यांच्यासाठी माणसे बोटीचे तिकीट काढतात त्या काँक्रीटच्या इमारती त्या मूल्यात येतच नाहीत. पहिलीच मुळी १९१६ची. पोस्टरवर ६५ क्रमांकाची नऊमजली इमारत, बोलण्यात साठच्या दशकातले सुखी जीवन, दुकानात त्या काळच्या छायाचित्रांची पोस्टकार्डे. कुणी १९४३ विचारले की मात्र उत्तर येते, आमचा विषय १९१० ला संपतो. पर्यटनासाठी शंभर वर्षे आणि उत्तरदायित्वासाठी साठ, असे करता येणार नाही.

माहिती केंद्र झाले, नाही असे नाही. २०२० मध्ये ते टोकियोत उघडले. बेटापासून जवळजवळ हजार किलोमीटर दूर! तिथे ज्या साक्षींना मानाची जागा मिळाली त्यांचा सूर बेटावर भेदभाव नव्हता असा होता. त्यांत लहानपण बेटावर काढलेल्या, कोरियन कुळातल्या एका गृहस्थांचीही साक्ष आहे, आणि ती मी खोटी म्हणणार नाही. मुकादमाच्या घरातल्या लहान मुलाला बेट जसे दिसले तसे त्यांनी सांगितले. पण त्या साक्षीच्या शेजारी सो जंग-उ यांची साक्ष तितक्याच मोठ्या अक्षरांत असायला हवी होती. २०२१ मध्ये वारसा समितीने जपानने निर्णय पूर्णपणे पाळला नाही याबद्दल तीव्र खेद व्यक्त केला. अशा समित्यांच्या गुळमुळीत भाषेत हे फार कडक बोल आहेत. त्यानंतर केंद्रात थोडी भर पडली. जुलै २०२५ मध्ये पॅरिसच्या अधिवेशनात कोरियाने हा विषय पुन्हा चर्चेला घ्या म्हटले, मतदान झाले, जपानच्या बाजूने ७ आणि कोरियाच्या बाजूने ३ मते पडली. विषय दोन देशांनी आपापसांत बघावा असे ठरले.

त्याच अधिवेशनात, त्यानंतर चारच दिवसांनी, ११ जुलैला मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. गावोगाव पेढे वाटले गेले. मलाही अतोनात आनंद झाला. पण ती आणि ही बातमी एकाच सभागृहातली आहे हे आपल्याकडे फारसे कुणाच्या लक्षात आले नाही. यादीत जाणे म्हणजे पदक मिळणे नव्हे. रायगड, खांदेरी, सिंधुदुर्ग आता आपण जगाला सांभाळून दाखवायचे आहेत आणि त्यांची गोष्ट पुरी सांगायची आहे. तिच्यात राजे आहेत, तसे ते दगड फोडणारे, चुना भाजणारे, समुद्रात पाया भरणारे लोकही आहेत. रायगडावर जगदीश्वराच्या पायरीवर 'सेवेचे ठायी तत्पर हिरोजी' अशी ओळ कोरलेली आहे. हजारो माणसे रोज ती पायरी चढतात. गड बांधणाऱ्याचे नाव गडाच्या पायरीवर असावे, दूरच्या कुठल्या दप्तरात नसावे, हा विचार आपल्या मातीत साडेतीनशे वर्षांपूर्वी रुजलेला आहे. हाशिमाच्या त्या जिन्यासमोर उभा असताना मला ती पायरी आठवली. हिरोजींच्या हाताखाली राबलेल्यांची नावे तिथेही नाहीत, हेही आठवले. आणि गिरणगावही आठवले. तिथे चिमण्या राखल्या, मॉलच्या अंगणात रंगवून उभ्या केल्या, आणि १८ जानेवारी १९८२ ला संपावर गेलेल्या अडीच लाख माणसांचे काय झाले हे त्या अंगणात कुठे लिहिलेले नाही. गिरणगावाचा आणि या किनाऱ्याचा जुना धागाही आहे. १८९३ मध्ये निप्पोन युसेन कंपनीने, म्हणजे मित्सुबिशीच्याच कुटुंबातल्या कंपनीने, जमशेटजी टाटांच्या पुढाकाराने कोबे ते मुंबई आगबोट सुरू केली. आपल्याकडचा कापूस तिच्यातून जपानी गिरण्यांत जाऊ लागला. ज्या भरभराटीचे स्मारक म्हणून हाशिमा दाखवतात तिच्यात या किनाऱ्याच्या कापसाचाही वाटा होता. आपल्याकडची मौनेही मला दिसतात. दिसतात म्हणूनच हाशिमाबद्दल बोलण्याचा हक्क मी सोडत नाही.

बेटावर वाढलेल्या जपानी माणसांचे दुःखही खरे आहे. त्यांचे घर जगात कुठेकुठे नरकबेट म्हणून ओळखले जाते. ज्या जिन्यांवर ते शिवाशिवी खेळले, जिथे सगळ्या मजल्यांना एकमेकांच्या घरी काय शिजते हे ठाऊक असायचे, त्या जागेबद्दल कुणीतरी परका येऊन वाईटच बोलतो, हे लागणारच. त्यातून कोरियात अतिशयोक्तीही झाली. २०१७ मध्ये तिथे निघालेल्या एका मोठ्या चित्रपटात बेटावरून शेकडो लोक लढून निसटल्याचे दाखवले. असे कधी घडले नव्हते. प्रचारासाठी वापरलेले एक छायाचित्र तर हाशिमाचे नव्हतेच, युद्धानंतरच्या दुसऱ्याच खाणीतल्या जपानी कामगाराचे निघाले. अशा चुका खऱ्या साक्षींचा गळा घोटतात, कारण एक खोटे सापडले की समोरचा सगळेच खोटे ठरवतो. म्हणून तर मला ती दहनाची नोंद महत्त्वाची वाटते. तिच्यात भर घालायला नको आणि काही कमी करायलाही नको.

युद्धानंतरचे सुखी बालपण आणि युद्धातली वेठ यांत कुणा एकाला खोटे ठरवावे लागत नाही. एकाच इमारतीत वीस वर्षांच्या अंतराने दोन्ही झाले.

खरे तर या मौनात जपानी कामगारही गाडला गेला आहे, आणि त्याची कोणी फारशी चर्चा करत नाही. शेजारच्या ताकाशिमावर नाया नावाची मुकादमी पद्धत होती. मुकादम माणसे आणायचा, कर्जात अडकवायचा, कोंडून ठेवायचा. १८८८ मध्ये एका जपानी नियतकालिकाने तिथली अवस्था छापली तेव्हा देशभर खळबळ उडाली होती. ही मेइजी काळातलीच, म्हणजे यादीच्या चौकटीत अगदी नीट बसणारी गोष्ट. मिइकेच्या खाणीत कैद्यांना जुंपत, तेही मेइजीतच सुरू झाले. १९०६ मध्ये ताकाशिमाच्या स्फोटात ३०७ जण मेले. १९६३ मध्ये मिइकेत ४५८. यांतले बहुतेक जपानीच. कोरियन मजुरांची गोष्ट झाकण्यासाठी जेव्हा इतिहास इंजिनियर, भांडवल आणि यंत्रे यांच्यापुरता केला जातो, तेव्हा त्या झाकणाखाली जपानच्या स्वतःच्या गरिबांचीही माती होते. टोकियोतल्या अधिकाऱ्यांना कोरियाशी बोलायचे नसेल तर निदान आपल्या या माणसांसाठी तरी संपूर्ण इतिहास सांगावा.

असे करणे अशक्य नाही. जर्मनीत फोल्क्लिंगेनचा लोखंडाचा कारखाना १९९४ पासून जागतिक वारसा आहे. दोन महायुद्धांत तिथे १२ हजारांहून जास्त माणसे सक्तीने राबवली गेली. २०१८ मध्ये फ्रेंच कलावंत क्रिस्तियाँ बोल्तान्स्की यांनी त्या कारखान्यातच एक स्मृतिस्थान रचले. दप्तराच्या गंजक्या पेट्यांच्या अरुंद वाटा, मध्ये जुन्या कपड्यांचा ढीग, आणि एकेक नाव हलक्या आवाजात उच्चारले जाते. त्याने जर्मनीच्या पोलादाची प्रतिष्ठा कमी झाली असे कुणी म्हणत नाही.

आणि नागासाकीतही असे करणारी माणसे होऊन गेली. ओका मासाहारू हे तिथले ख्रिस्ती धर्मगुरू आणि नगरसेवक. कोरियन अणुबाँबग्रस्तांची नोंद करता करता ते आणि त्यांचे सहकारी हाशिमापर्यंत पोचले. दहनाचे ते कागद ऐंशीच्या दशकात त्यांनीच उजेडात आणले, सो जंग-उ यांच्यासारख्यांच्या साक्षी लिहून घेतल्या. ओका १९९४ मध्ये गेले, आणि पुढच्याच वर्षी नागासाकीत त्यांच्या नावाने एक छोटे संग्रहालय नागरिकांनी स्वतःच्या पैशांतून उघडले. जपान म्हणजे जपान सरकार नव्हे, हे मी तिथे पुरते शिकलो. ज्या शहराने अणुबाँब सोसला त्याच शहरातल्या साध्या माणसांनी, आम्ही सोसले तसे आमच्यामुळेही कुणी सोसले, हे स्वतःहून शोधून काढले. एवढे मोठे मन त्या शहरात असताना बेटावरच्या फलकांना कशाची भीती वाटते?

जुलै २०२४ मध्ये वारसा समितीचे अधिवेशन नवी दिल्लीत भरले होते आणि आपण यजमान होतो. सादो बेटावरच्या सोन्याच्या खाणी तिथे यादीत गेल्या. पुन्हा कोरियन मजुरांचा प्रश्न, पुन्हा आश्वासन. या वेळी सादोवरच्या स्थानिक संग्रहालयात मजुरांच्या हालअपेष्टांची माहिती खरोखर लावली गेली, मात्र तिच्यात सक्ती हा शब्द नाही. म्हणजे २०१५ पासून २०२४ पर्यंत माहितीचे अंतर हजार किलोमीटरवरून खाणीच्या गावापर्यंत आले आणि शब्द मात्र मागे सरकला. आपल्या राजधानीत हे ठरत असताना, ज्यांच्या घटनेत बेगार हा शब्द आहे त्यांनी त्यावर एखादे वाक्य बोलायला हवे होते असे मला वाटते.

माझी मागणी लहान आहे. दुसऱ्या विहिरीचा जिना जिथून दिसतो तिथे कठड्याला एक फलक लावावा. त्यावर जपानी, कोरियन, चिनी आणि इंग्रजीत लिहावे की १९३९ ते १९४५ या वर्षांत कोणाला कुठून आणि कशा रीतीने इथे आणले गेले. खाली दहनाच्या नोंदीतली सगळी नावे द्यावीत, वयासकट. त्या कागदांत हजाराहून जास्त जपानी मृतांच्याही नोंदी आहेत, त्यांचीही द्यावीत. कोळशाने मारताना राष्ट्रीयत्व विचारले नव्हते. याला नवी इमारत लागत नाही, पडक्या काँक्रीटला हात लावावा लागत नाही, परराष्ट्र खात्यांच्या बैठकाही लागत नाहीत. नावे कागदावर आहेत. बेट नागासाकी शहराच्या ताब्यात आहे, मनात आणले तर हा निर्णय तिथला महापौर घेऊ शकतो.

आणि फलक लागेपर्यंत जाणाऱ्याने विचारत राहावे. जपानला जाणाऱ्या मराठी पर्यटकांचे जथे आता लहान राहिलेले नाहीत. नागासाकीला गेलात तर शांततेच्या उद्यानाइतकाच वेळ त्या नागरिकांच्या छोट्या संग्रहालयाला द्या. बेटावर जिन्यासमोर पोचलात की मार्गदर्शकाला नम्रपणे विचारा, इथे उतरलेले कोरियन कोण होते? उत्तर मिळेल न मिळेल. मी त्या दिवशी विचारले नाही. परक्या देशात, परक्या घोळक्यात अवघडलो, आणि त्याची रुखरुख परतीच्या बोटीत बसल्यापासून लागून राहिली. बंदरावर उतरल्यावर अभिप्रायाचा कागद भरून घेत होते. बेट आवडले का, या प्रश्नाखाली दोन ओळींची जागा होती. तिथे मी इंग्रजीत लिहिले की पायऱ्यांसमोर मेलेल्यांची नावे लावा. खाली तेच मराठीत लिहिले, आणि सही केली.